नऊ नंबरचं चेंबर

अनुपम नगरच्या चौसष्ट घरांत रात्री कोणाला झोप येत नाही, कोण भांडून अंगणात येरझाऱ्या घालतं, कोणाचा जावई चोरून सिगरेट ओढायला फाटकाबाहेर येतो, हे सगळं मृदुला खांबेटेला घरबसल्या कळायचं. तिला त्यातल्या एकाही गोष्टीत काडीचा रस नव्हता. तिला एकाच माणसाची पावलं हवी होती. तिच्या नवऱ्याला रस्त्यावर मरायला सोडून गेलेल्या माणसाची.

तो कोण, हे तिला ठाऊक नव्हतं. पण कुणीतरी होता, याबद्दल तिच्या मनात तिळमात्र शंका नव्हती. अविनाश सापडला तेव्हा त्याचा चष्मा नीट घडी करून सदऱ्याच्या खिशात ठेवलेला होता. कंपवातानं हात इतके थरथरायचे की वर्षभर त्याला स्वतःच्या चष्म्याची घडी घालता आली नव्हती. रोज रात्री ती मृदुलाच घालायची. मग त्या रात्री ती घातली कुणी? पोलिसांना तिनं हे सांगितलं, तेव्हा त्यांनी मान डोलावली आणि लिहून घेतलं नाही.

पण हे सगळं ज्याच्यामुळे घडलं ते यंत्र आधी समजून घ्यायला हवं.

तळेगावच्या पुढे महामार्ग सोडून आत वळलं की ही रो-हाउसची वसाहत लागते. मागे टेकडी, पुढे माळ. चार वर्षांपूर्वी तिथे महिन्याभरात तीन घरफोड्या झाल्या, वर कुणाला तरी बिबट्या दिसला, आणि लोकांची पाचावर धारण बसली. कॅमेरे लावू म्हटलं तर बायका बिथरल्या. अंगणात केस वाळवत बसावं आणि कुणी कुठे बसून ते बघावं, छे! तेव्हा सोसायटीचे सेक्रेटरी विश्राम उपासनी यांनी 'चाहूल' आणलं.

"कॅमेरा नाही आणि खोदकामही नाही," उपासनी सभेत म्हणाले. "आपल्या रस्त्याखाली इंटरनेटची केबल आहेच. तीच आता राखण करेल."

आणि ते खोटं नव्हतं. केबलच्या पोटात केसाएवढी काच असते. काच कितीही शुद्ध केली तरी तिच्यात बारीक बारीक दोष राहतातच. एका टोकाकडून लेसरचा झोत सोडला की त्यातला कणभर प्रकाश प्रत्येक दोषावर आपटून माघारी येतो, आणि यायला किती वेळ लागला यावरून तो कितव्या मीटरवरून आला हे कळतं. आता वर जमिनीवर कुणाचं पाऊल पडलं की खालची काच केसाच्या हजाराव्या हिश्शाइतकी ताणली जाते. तेवढ्यानंही माघारी येणारा प्रकाश बदलतो. सेकंदाला हजार झोत सोडले, की रस्त्याच्या प्रत्येक मीटरला जणू कान उगवतात. राहिलं काय, तर कुणाचं पाऊल ते ओळखायचं. टाच कशी टेकते, कुठल्या पायावर भार जास्त, दोन पावलांत किती अंतर, यावरून माणूस अंगठ्याच्या ठशासारखा वेगळा काढता येतो. चौसष्ट घरांतल्या सगळ्यांनी गल्लीत दहा-दहा फेऱ्या मारल्या आणि यंत्रानं त्यांची चाल पाठ केली.

रात्री अकरा ते पहाटे पाच, ओळखीचं पाऊल पडलं की पडद्यावर हिरवा ठिपका. अनोळखी पडलं की लाल, आणि वॉचमन धावलेच. हे वॉचमनही दर पंधरा दिवसांनी बदलायचे, असा उपासनींचा नियम होता. ओळखी झाल्या की ढिलाई येते, म्हणायचे.

चोऱ्या थांबल्या. पण त्याबरोबर आणखीही बरंच काही थांबलं. रात्री जेवणं झाल्यावर लोक फाटकाशी टेकून गप्पा मारायचे, त्या बंद झाल्या. कोण कोणाच्या दारात किती वेळ थांबलं, हे कुठेतरी उमटतंय या विचारानं अकराच्या ठोक्याला कड्या लागायला लागल्या. बाहेर काहीही आवाज होवो, दार उघडायचं नाही. बघायला यंत्र आहे की.

नोंदणीच्या दिवशी अविनाश खांबेटे मात्र खुशीत होता. शाळेतला पी.टी.चा सर तो. छाती काढून, हात झुलवत चालला. कडेला उभे असलेले उपासनी हसून ओरडले, "अरे अवि, परेड नाहीये ही!" दोघांची अठरा वर्षांची दोस्ती. रोज संध्याकाळी खांबेट्यांच्या ओट्यावर बुद्धिबळाचा डाव पडायचा आणि चहा करता करता मृदुलाचा जीव मेटाकुटीला यायचा.

पुढच्याच वर्षी अविनाशला कंपवातानं गाठलं. पावलं आखूड झाली, घसटायला लागली. बोलणं पुटपुटण्यासारखं झालं. अंगावर कुणी ओरडलं तर तो जागच्या जागी थिजायचा. मृदुलानं उपासनींना दोनदा सांगितलं होतं, "भावोजी, यांची नोंदणी पुन्हा करून घ्या हो. चाल पार बदलली आहे."

"करू, वहिनी. कंपनीचा माणूस आला की पहिलं तेच."

तो माणूस आलाच नाही. गेल्या डिसेंबरात, तीन रात्रींच्या जागरणानंतर मृदुलाचा डोळा लागला आणि अविनाश कडी काढून बाहेर पडला. एक वाजून दहा मिनिटांनी पडद्यावर लाल ठिपका उमटला. दोन्ही वॉचमन धावले, "कोण आहे रे?" म्हणून खेकसले. तो थिजला. एकानं नडगीवर काठी घातली. तो पडला तो उपासनींच्या फाटकासमोर, केबलच्या नऊ नंबरच्या चेंबरच्या लोखंडी झाकणावर, डोक्यावर. वॉचमनना वाटलं, दारुडा आहे. नियमाप्रमाणे ओळख पटवायला त्यांनी सेक्रेटरींना फोन केला. फोन उचलला नाही, तेव्हा ते गेटवर निघून गेले. साडेपाचला दूधवाल्यानं पाहिलं. डॉक्टर म्हणाले, दोनपर्यंत आणलं असतं तर वाचले असते.

स्मशानात उपासनी ढसाढसा रडले. फोन सायलेंटवर होता वहिनी, म्हणाले. वॉचमन पळाले ते पळालेच. कागदोपत्री तो अपघात ठरला.

दोन महिन्यांनी उपासनी स्वतः घरी आले. "वहिनी, तुम्ही टेलिफोन खात्यात एकतीस वर्षं केबल तपासल्यात. हे यंत्र तुम्हीच सांभाळा. नोंदण्या तुम्हीच घ्या. मन रमेल तुमचं." बोलता बोलता त्यांनी नवा नियमही सांगितला: यापुढे रात्री लाल ठिपका आला तर ओळख पटवायला सेक्रेटरी येणार नाही, नोंदणी सांभाळणारी व्यक्ती येईल. आपल्या अंगावरची जबाबदारी त्यांनी अशी अलगद तिच्या पदरात टाकली. मृदुला लगेच हो म्हणाली. मन रमवायला नव्हे. सोसायटीच्या कपाटात त्या रात्रीची कच्ची नोंद पडली होती, हे तिला माहीत होतं. पोलिसांच्या चौकशीसाठी कंपनीनं एक प्रत दिली होती आणि ती वाचायची कशी हे कुणालाच येत नसल्यानं ती तशीच पडून होती.

कंपनीच्या अहवालात त्या जागेबद्दल एकच ओळ होती. मीटर ४१२ ते ४२७, गोंगाट, दुर्लक्षित.

मृदुलानं ती ओळ वाचली आणि तळपायाची आग मस्तकात गेली. गोंगाट म्हणे! अहवाल लिहिणाऱ्यांनी आयुष्यात कधी चेंबरमध्ये उतरून पाहिलं होतं का? केबल पुरणारा माणूस प्रत्येक चेंबरमध्ये दहा-पंधरा मीटर केबल वेटोळं करून ठेवतो. पुढेमागे कुठे तुटली तर ओढून जोड देता यावा म्हणून. हे खात्यातल्या साध्या मजुरालाही माहीत असतं. यंत्राला वाटलं, हे पंधरा मीटर म्हणजे रस्ताच. एकच पाऊल एकाच क्षणी पंधरा मीटरवर पडलेलं दिसल्यावर ते गोंधळलं आणि त्यानं सगळं सोडून दिलं. पण ते पंधरा मीटर रस्त्यावर पसरलेले नव्हतेच. ती झाकणाखालची एकच जागा होती, पंधरा वेळा ऐकलेली. म्हणजे अख्ख्या कॉलनीत जर कुठे सगळ्यात स्वच्छ ऐकू येणार असेल, तर ते तिथेच.

तिनं ते पंधरा मीटर एकावर एक रचले. प्रत्येकातली खरखर वेगवेगळी होती, ती एकमेकींत विरून गेली. पाऊल मात्र पंधराही ठिकाणी तेच होतं, ते ठसठशीत वर आलं.

एक वाजून चौतीस मिनिटं. वॉचमनांची पावलं तेव्हा लांब, गेटवर. उपासनींच्या फाटकापासून झाकणापर्यंत सात पावलं. उजवा पाय जड, डावा जरा मागाहून येणारा. मग सगळं थांबलं. एकेचाळीस सेकंद कुणीतरी तिथे होतं. मधे एक बारीकसा ठोका होता, गुडघा जमिनीला टेकल्याचा. मग तीच सात पावलं परत, आणि फाटकाचा धक्का.

यंत्राला विचारायची गरजच पडली नाही. झिजलेल्या डाव्या गुडघ्याची ती चाल मृदुलानं अठरा वर्षं रोज संध्याकाळी आपल्या ओट्यावर चढताना ऐकली होती. खाली वाकून चष्मा उचलला, घडी घातली, खिशात ठेवला, आणि गेला! मित्राचं तोंड नीट बघून गेला!

का, तेही तिला आठवलं. दुसऱ्या दिवशी अकरा सोसायट्यांचे पदाधिकारी 'चाहूल' बघायला येणार होते. त्याच सकाळी यंत्रानं आपल्याच कॉलनीतल्या माणसाला चोर ठरवलं, असं निघालं असतं तर उपासनींचं नाक कापलं गेलं असतं. तो कार्यक्रम आठ दिवस पुढे गेला आणि नंतर थाटात पार पडला.

ती पोलिसांकडे गेली. इन्स्पेक्टर भला होता, त्यानं चहा मागवला, सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाला, "ताई, पावलांवर केस टिकायची नाही. कंपनी लेखी म्हणते की तिथे गोंगाट आहे. आणि तुम्ही त्यांच्या पत्नी. कोर्ट काय म्हणेल?"

घरी येऊन तिनं पाय धुतले, भात टाकला. त्या दिवसापासून मनातल्या मनात तिनं त्या माणसाला अहो-जाहो करणं सोडलं. तोंडावर मात्र "भावोजी, या, चहा घेता का?" सुरूच होतं. एवढं गोड बोलता येतं आपल्याला, याचं तिलाच नवल वाटायचं.

पुढच्या ऑक्टोबरात उपासनीनं गुडघा बदलून घेतला. सहा आठवड्यांनी तो काठी टेकत तिच्या दारात उभा राहिला.

"वहिनी, आता माझीही नोंदणी नव्यानं घ्यावी लागणार. नवा पाय, नवी चाल!"

"घेऊ की, भावोजी. चला गल्लीत."

त्यानं दहा फेऱ्या मारल्या. मृदुला ओट्यावर पडदा मांडीवर घेऊन बसली होती. खरं सांगायचं तर तेव्हाही तिचं काही ठरलेलं नव्हतं. दमून, धापा टाकत चालणारा म्हातारा माणूस होता तो. तिला वाटलं, जाऊ दे, आपण तरी कुठवर हे उराशी धरून बसायचं.

दहावी फेरी संपवून तो ओट्याशी आला, घाम पुसत म्हणाला, "अवि असता तर पोट धरून हसला असता माझ्या या चालीला."

तिच्या पडद्यावर दोन चौकोन होते. एक 'जतन करा', एक 'रद्द करा'. तिनं दुसऱ्यावर बोट ठेवलं.

"झालं का?" त्यानं विचारलं.

"झालं, भावोजी," मृदुला म्हणाली.

यंत्राकडे त्याची जुनीच चाल राहिली. जो गुडघा डॉक्टरांनी काढून टाकला होता, त्या गुडघ्याची.

त्यानंतर ती वाट बघत राहिली. घाई नव्हती. डॉक्टरांनी सांगितल्याप्रमाणे तो रोज नऊला शतपावली घालून साडेनऊला घरात असायचा, आणि यंत्र अकराला जागं व्हायचं. त्याची बायको शैला लेकीच्या बाळंतपणाला हुबळीला गेली. डिसेंबर उजाडला, थंडी पडली. मग एक दिवस तोच सांगत आला, शनिवारी पुण्यात आपला सत्कार आहे. 'सुरक्षित वसाहत' म्हणून. वहिनी, तुम्हीही चला ना!

"मला कुठे जमतंय, भावोजी. रात्री यंत्रापाशी कुणीतरी हवं," ती म्हणाली.

शनिवारी रात्री बारा वाजून सात मिनिटांनी पडद्यावर लाल ठिपका उमटला.

तो कुठे उमटला, हे आधी सांगितलं पाहिजे. गेटला आता दोन फाटकं होती, आणि मधे दहा बाय दहाची मोकळी जागा. लोक तिला पिंजरा म्हणायचे. अनोळखी पाऊल पडलं की दोन्ही फाटकं बंद व्हायची. आतल्या माणसाचा फोन काढून घ्यायचा, त्याला साथीदार बोलावता येऊ नयेत. ओळखपत्र बघायचं नाही, खोटी असतात. नोंदणीवाल्यांना बोलवायचं. त्यांनी ओळख दिली नाही तर पहाटे पाचपर्यंत तिथेच ठेवायचं, मग पोलिसांच्या ताब्यात द्यायचं. हे सगळे नियम उपासनीनं एका रविवारी दुपारी बसून स्वतःच्या हातानं लिहिले होते.

मृदुलानं शाल गुंडाळली आणि गेली. केबिनपाशी मसाजी नावाचा वॉचमन उभा होता, पन्नाशीचा, परभणीकडचा. कालच रुजू झालेला.

"बाई, हे म्हणतंय मी सेक्रेटरी हाय. मागल्या जागी एक म्हणत होतं मी आमदाराचा मेव्हणा हाय. मशीन म्हणतंय अनोळखी. आता तुमीच बघा."

पिंजऱ्यात उपासनी उभा होता. अंगावर सत्काराची भरजरी शाल, हातात नारळ. तिला बघताच त्याच्या जिवात जीव आला.

"वहिनी! आलात बाई एकदाच्या! काहीतरी घोटाळा झालाय यंत्राचा. सांगा यांना, मी कोण आहे ते."

मृदुला मसाजीला म्हणाली, "जरा लांब व्हा. मला नीट बघू द्या." तो केबिनमध्ये रजिस्टर आणायला गेला. ती गजांपाशी आली.

"भावोजी, त्या रात्री एक चौतीसला तुम्ही नऊ नंबरपाशी आला होतात."

"कुठल्या रात्री? काय बोलताय वहिनी? थंडी मरणाची आहे, आधी फाटक—"

"सात पावलं आलात. एकेचाळीस सेकंद थांबलात. चष्मा उचललात, घडी घातलीत. सगळं उमटलंय. केबलचं वेटोळं होतं त्या झाकणाखाली, यंत्राला वाचता आलं नाही, मला आलं. आता तुम्ही सांगा. त्याला ओळखलं होतंत की नाही?"

 त्यानं नारळ या हातातून त्या हातात घेतला. आजूबाजूच्या घरांतून एकही दिवा लागला नव्हता. मघापासून तो ओरडत होता, ते निदान दहा घरांना ऐकू गेलं असणार. पण रात्री दार उघडायचं नाही ही सवय त्यानंच लावली होती त्यांना.

"ओळखलं होतं," तो शेवटी म्हणाला.  "ओळखलं होतं, वहिनी. श्वास चालू होता त्याचा. मला वाटलं, पहाटे दूधवाला येईल, उचलतील, दवाखान्यात नेतील. यंत्राचं नाव निघणार नाही. तेवढ्यात तो जाईल असं नव्हतं वाटलं. देवाशपथ नव्हतं वाटलं. वर्षभर मला झोप नाही, वहिनी."

तो रडत होता. हे ऐकायला मृदुला वर्षभर जीव धरून राहिली होती. ऐकल्यावर काहीतरी हलकं होईल असं तिला वाटलं होतं. तसं काहीसुद्धा झालं नाही. श्वास चालू होता, हे तेवढं तिला नव्यानं कळलं.

मसाजी रजिस्टर घेऊन आला. "मग बाई? वळखता का?"

"नाही," मृदुला म्हणाली. "मी नाही ओळखत यांना."

"वहिनी!"

"लई बोलत होतं की तुमच्याशी," मसाजी म्हणाला.

"गयावया करत होता. तुमचा काय नियम असेल तसं करा."

"वहिनी, अहो मला खाली बसता येत नाही! गुडघा वाकत नाही अजून! पाच तास मी उभा कसा राहू?"

"ते मला माहीत आहे," ती म्हणाली, आणि सही करून घरी आली.

घरी येऊन ती पडद्यासमोर बसली. केबल पिंजऱ्याखालूनही गेलेली होती. तिथे एक रेघ हलत होती. उजव्या पायावर भार, मग डाव्या, मग उजव्या. मृदुला ती रेघ बघत राहिली. चुकचुकलं नाही तिचं मन, अजिबात नाही. उलट दर वेळी भार डाव्या पायावर गेला की तिला आतून बरं वाटायचं. भोग म्हणावं. एक वाजला. दीड वाजला. तिनं उठून चहा केला, आणि चक्क चवीनं प्यायली. दोन वाजता तो गजांना टेकला असावा, रेघ मंदावली. वॉचमनांच्या रेघा केव्हाच शांत झाल्या होत्या, केबिनमध्ये डुलक्या काढत असणार.

दोन वाजून छप्पन मिनिटांनी एक मोठा धक्का उमटला. त्यानंतर काही नाही.

मृदुला पुढे वाकली. रेघ सपाट होती. अंग हलवल्याची एवढीशी खूणही नव्हती. तिनं कप खाली ठेवला. सगळ्या कॉलनीत आत्ता हे फक्त तिला माहीत होतं.

ती उठली, दारापाशी गेली, कडीला हात घातला आणि थबकली. आत्ता बाहेर पडलं तर सगळ्यांना कळणार. बारा वाजता ओळखत नव्हती आणि तीनला ओळखायला लागली? नोंदणी रद्द केली तेही निघणार. काय करावं? पाचला पोलीस येतीलच की. तेच उचलतील, दवाखान्यात नेतील. आपलं नाव निघायचं कारण नाही. दोन तासांचा तर प्रश्न.

हे सगळं तिच्या मनात अगदी सरळ, शहाण्यासारखं आलं. आणि मग तिच्या लक्षात आलं, की हे शब्द तिचे नाहीत. शब्दन् शब्द उपासनीचा आहे. तो तिथे झाकणापाशी असाच उभा राहिला असणार, असाच हिशोबी, असाच शहाणा. तो कसा जाऊ शकला हे तिला वर्षभर कळत नव्हतं, ते त्या क्षणी लख्ख कळलं. आणि त्याला समजून घ्यावं लागलं याचा तिला असा काही संताप आला की तिनं कडी ओढली ती हातातच निघते की काय असं झालं.

ती धावत गेटवर गेली. पिंजऱ्यात उपासनी एका कुशीवर पडला होता, नवा पाय तिरपा, शाल बाजूला. तिनं केबिनच्या काचेवर दोन्ही हातांनी थापा मारल्या.

"उठा! फाटक उघडा! अँब्युलन्सला फोन करा!"

मसाजी धडपडत उठला. "काय झालं, बाई? ते अनोळखी—"

"ओळखते मी याला!" मृदुला ओरडली. आवाज तिला स्वतःलाही ओळखू आला नाही. "विश्राम उपासनी आहे हा! एकवीस नंबर! मघाशी मी खोटं बोलले!"

फाटक उघडलं. ती आत शिरली, त्याच्यापाशी जमिनीवर बसली, मान हातावर घेतली. श्वास चालू होता. तिनं त्याचीच शाल त्याच्यावर घातली आणि बसल्या बसल्याच, अंगात होता नव्हता तेवढा जोर लावून ओरडायला लागली.

"उठा सगळे! दारं उघडा! याची नोंदणी मी रद्द केली! मी, मृदुला खांबेटेनं! का केली विचारा मला! माझ्या नवऱ्याला यानं रस्त्यावर पडलेलं पाहिलं, ओळखलं, आणि घरी जाऊन झोपला! ऐकताय का? चष्मा खिशात घातला आणि घरी गेला!"

पहिला दिवा बावीस नंबरला लागला. मग अठराला. मग गल्लीच्या टोकापर्यंत एकेक खिडकी उजळत गेली. कुणाची तरी कडी वाजली. कुणी तरी बिचकत फाटकाबाहेर पाऊल टाकलं, त्याच्यामागे आणखी कुणी. केबिनमधला पडदा हिरव्या ठिपक्यांनी भरत चालला होता, पण तिकडे बघायला कुणीच नव्हतं.

उपासनीनं डोळे उघडले. जमणाऱ्या लोकांकडे पाहिलं, आणि मृदुलाच्या शालीचं टोक मुठीत धरलं. ओठ हलले. ती खाली वाकली.

"वहिनी," तो कण्हत म्हणाला, "हळू बोला. लोक ऐकतायत."

मृदुलानं त्याची मान सांभाळून धरली, वर बघितलं, आणि पहिल्यापासून सगळं पुन्हा सांगायला सुरुवात केली. आधीपेक्षा मोठ्यानं.